झाडीपट्टीत जायचंय? हमखास विचारले जाणारे प्रश्न

झाडीपट्टी नेमकी कुठे येते?

भंडारा आणि गोंदिया हे दोन जिल्हे, गडचिरोलीचा उत्तरेकडचा भाग आणि चंद्रपूरचे ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाही, मूल, सावली हे तालुके, एवढ्या टापूला लोक झाडीपट्टी किंवा नुसतं 'झाडी' म्हणतात. सरकारी कागदावर असा विभाग कुठेच नाही. आजचे जिल्हेही अलीकडचेच. गडचिरोली १९८२ साली चंद्रपुरातून निघाला, गोंदिया १९९९ साली भंडाऱ्यातून. झाडी कुठे संपते यावर आमच्याकडे चहाच्या टपरीवर तासभर वाद घालता येतो. सोपी खूण सांगायची तर नागपूरहून पूर्वेला निघाल्यावर कापूस, सोयाबीन आणि संत्री मागे पडतात, धानाच्या बांध्या, म्हणजे बांध घातलेली भातखाचरं, सुरू होतात आणि दर दोन-चार किलोमीटरला एखादं तळं दिसायला लागतं. तिथून पुढे झाडी.

या सगळ्या मुलखाची नदी एकच, वैनगंगा. मध्य प्रदेशातल्या सिवनी जिल्ह्यात ती उगम पावते, भंडारा, पवनी, वडसा करत दक्षिणेला उतरते, वर्धेला मिळून प्राणहिता होते आणि सिरोंच्याजवळ गोदावरीत जाते.

विदर्भ म्हटलं की कोरडवाहू शेती आठवते. मग इतकी तळी आली कुठून?

माणसांनी बांधली. चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, गोंड राजांनी असा शिरस्ता घातला की जो तळं बांधेल त्याला त्याखाली भिजणारी जमीन कसायला मिळेल. हे काम ज्यांनी हातात घेतलं त्यांत कोहळी समाजाचं नाव पहिलं येतं. गोंड राजानं त्यांना तलाव बांधायला बनारसकडून आणलं, अशी आख्यायिका जुन्या गॅझेटियरमध्येही नोंदलेली आहे. नवेगाव बांधचा मोठा तलाव कोलू पाटील कोहळी यांनी अठराव्या शतकाच्या सुरुवातीला बांधला. भोवतीच्या टेकड्यांना सात बहिणी म्हणतात.

पुढे ही तळी मालगुजारांच्या, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या जमीनदारांच्या, ताब्यात आली म्हणून ती 'मालगुजारी तलाव', आणि तोंडात बसलेलं नाव 'मामा तलाव'. पूर्व विदर्भात त्यांची संख्या सहा-सात हजारांच्या घरात जाते. शेताच्या कोपऱ्यात छोटी तळी असते ती बोडी, तिचा हिशेब वेगळाच.

एखाद्या जुन्या तळ्याच्या पाळीवर चढून पाहा. एका बाजूला पाणी, दुसऱ्या बाजूला पायऱ्यापायऱ्यांनी उतरत गेलेल्या बांध्या. तळं भरलं की सांडव्यावरून निघालेलं पाणी वाया जात नाही, खालच्या गावच्या तळ्यात जातं, तिथून आणखी खाली. पाळीतून पाणी सोडायच्या वाटेला तुडूम म्हणतात. पाणी उतरेल तसं वरचं भोक आधी, मग खालचं, असं मोकळं करत जायचं. खरी कसोटी भाद्रपद-आश्विनात लागते. पावसानं दडी मारलेली असते आणि धान निसवायला आलेलं असतं. त्या पंधरवड्यात मिळालेलं एक पाणी अख्खा हंगाम तारून नेतं. पाणी आधी कुणाच्या बांधीला जाणार यावरून त्या दिवसांत सख्ख्या भावांतही अबोला होतो, हे ओघानं आलंच.

१९५० च्या कायद्यानं मालगुजारी गेली आणि तळी सरकारजमा झाली. मालगुजाराचा जुलूम गेला हे चांगलंच झालं, पण तळ्याची दरवर्षी निगा राखणारी व्यवस्थाही त्याबरोबर गेली. गाळ साचला, काठानं बेशरमाच्या झुडपांचं रान माजलं, कुठे पाळीला भगदाड पडलं. अलीकडे अर्जुनी मोरगाव तालुक्यात मासेमारी करणाऱ्या ढीवर समाजातल्या बायकांच्या गटांनी काही तळ्यांतलं बेशरम उपटून तिथे मूळच्या पाणवनस्पती पुन्हा लावल्या, आणि त्या आसऱ्यानं देशी मासे परतले. कुठल्याही गावात गेलात तर देवळाआधी तळं पाहा, असं मी सांगेन.

इथला इतिहास किती जुना?

पवनीपासून सुरुवात करा. भंडारा जिल्ह्यातलं हे वैनगंगेकाठचं गाव. नागपूर विद्यापीठ आणि पुरातत्त्व खात्यानं १९६९-७० मध्ये इथल्या जगन्नाथ टेकडीवर उत्खनन केलं, तेव्हा मोठा बौद्ध स्तूप आणि ब्राह्मी लेख कोरलेले दगडी खांब निघाले. म्हणजे दोन हजार वर्षांहून आधी इथे दानधर्म करणारे, ऐपतीचे लोक राहत होते. आज पवनीत जुन्या तटबंदीचा दरवाजा, नदीचे घाट आणि गल्लोगल्ली देवळं आहेत. जवळच गोसीखुर्दचं धरण. १९८८ साली पायाभरणी झालेल्या या धरणाचा खर्च आणि पुनर्वसन यांवर बोलायला बसलात तर पवनीतच मुक्काम करावा लागेल.

छत्तीसगडमध्ये रतनपूरच्या कलचुरी राजाचा १११४ चा एक शिलालेख आहे. त्यात खंडणी देणाऱ्यांच्या यादीत भाणारा, लांजिका आणि वैरागर ही नावं येतात: आजचं भंडारा, शेजारचं बालाघाटमधलं लांजी आणि आरमोरी तालुक्यातलं वैरागड. वैरागडला हिऱ्यांची खाण असल्याचं अकबराच्या काळातली 'ऐने-अकबरी'ही सांगते. आता तिथे हिरे नाहीत. खंदक असलेला, झाडोऱ्यानं वेढलेला किल्ला आणि भंडारेश्वराचं देऊळ आहे.

मग गोंड राजे, १७५१ मध्ये चांदा घेणारे नागपूरकर भोसले, १८५४ मध्ये इंग्रज. स्वातंत्र्यानंतर १९५६ पर्यंत हा भाग मध्य प्रदेशात होता, त्यामुळे जुन्या माणसांच्या बोलण्यात अजून 'सी.पी.' (सेंट्रल प्रॉव्हिन्सेस) येतं. आणखी एक गोष्ट बाहेरच्यांना सहसा माहीत नसते. १९५४ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लोकसभेची पोटनिवडणूक भंडाऱ्यातून लढवली होती. त्यांचा पराभव झाला.

झाडीपट्टीच्या नाटकांबद्दल खूप ऐकलंय. तो प्रकार काय आहे?

भाऊबीज झाली की वडसा गावाचा नूर पालटतो. या गावाचं कागदावरचं नाव देसाईगंज. मुख्य रस्त्यावर नाटक कंपन्यांची कार्यालयं आहेत, बाहेर नटनट्यांच्या फोटोंचे मोठे फलक, आत टेबलावर तारखांची वही. आसपासच्या गावांतली मंडळं येतात, नाटक निवडतात, घासाघीस करतात, इसार देऊन तारीख पक्की करतात. अशा पन्नासहून अधिक कंपन्या आहेत. दिवाळीपासून होळीपर्यंत त्यांना रात्रीची उसंत नसते. आज सिंदेवाहीकडे, उद्या कुरखेड्याकडे. प्रयोग संपला की नेपथ्य ट्रकमध्ये चढवायचं, गाडीतच झोपायचं.

नाटक रात्री दहाच्या पुढे सुरू होतं आणि पहाटे संपतं. तिकीटबारी असते, पुढच्या खुर्च्या महाग, मागची जमीन स्वस्त. तालुक्याच्या ठिकाणी हजार माणसं जमवायला पुढाऱ्याला घाम फुटतो, इथे दीड-दोनशे उंबऱ्यांच्या गावात तेवढी माणसं पैसे मोजून, घोंगडी-शाल घेऊन मांडवात येतात. नांदी होते. ऑर्गन आणि तबला रंगमंचाजवळच असतात. नट स्वतः गातात, मागून ध्वनिमुद्रण लावून वेळ मारून नेता येत नाही. कथानक बहुधा भाऊबंदकीचं, बहिणीच्या नशिबाचं, दारूनं उठलेल्या घराचं. नावं अशी भडक की हँडबिल वाचतानाच पुण्याचा पाहुणा हसतो. हसू द्यावं. तिसऱ्या अंकात, रात्री तीनच्या थंडीत, शेजारची म्हातारी पदरानं डोळे पुसते आणि लगेच विनोदी पात्र आलं की त्याच पदराआड खुदखुदते, तेव्हा त्याला कळतं काय चाललंय ते. मध्ये लावणी असते. तिच्यावर अलीकडे बरीच टीका होते आणि ती सगळीच चुकीची नाही. काही कंपन्यांत नाटक कमी आणि नाच जास्त झालाय. पण गाणारा नट चांगला असेल तर प्रेक्षक आजही पदाला 'वन्समोअर' देतो, तो काही नाचाला येत नाही.

याचं मूळ जुन्या दंडारीत आणि खडी गंमतीत सांगतात. दंडार म्हणजे गावातल्याच माणसांनी, पुरुषांनीच बायकांची सोंगं घेऊन, गात-नाचत रंगवलेली कथा. पुढे संगीत नाटकाचा वारा लागला, पडदे आले, मग स्त्री कलाकार आल्या, मग कंपन्या. काही गावांत अजून गावकरीच नाटक बसवतात. शेतावरून येऊन रात्री तालमी चालतात, आणि सरपंच खलनायक झाला तर गावाला वेगळाच आनंद होतो. गडचिरोलीच्या परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा मुंबईच्या वाहिन्यांना पहिल्यांदा या रंगभूमीचं नाव नीट उच्चारावं लागलं.

नाटक पाहायचं असेल तर कसं ठरवायचं?

आगाऊ ऑनलाइन आरक्षण वगैरे शोधू नका. डिसेंबर-जानेवारीत ब्रह्मपुरी, वडसा किंवा आरमोरीला मुक्काम करा आणि हॉटेलवाल्याला, ऑटोवाल्याला विचारा: "आज कुठं नाटक आहे?" दहा-पंधरा किलोमीटरच्या टप्प्यात दोन-तीन तरी सापडतील. समाजमाध्यमांवर कंपन्यांच्या तारखाही फिरत असतात. गरम कपडे घ्या, मांडव तिन्ही बाजूंनी उघडा असतो. नाटक अर्ध्यावर टाकून उठलात तर परतीचं वाहन मिळणार नाही, ते आधीच ठरवून ठेवा.

मंडई आणि शंकरपट हे काय असतं?

मंडई म्हणजे दिवाळीनंतर गावोगाव भरणारी जत्रा. आज या गावची, उद्या त्या गावची, असं चक्र महिनाभर चालतं. दुपारी बाजार, पाळणे, उसाचे भारे, शिंगाडे. संध्याकाळी दंडार किंवा रात्री नाटक. लेकी माहेरी येतात, पाहुण्यांनी घर भरतं. उपवर मुला-मुलींची सोयरीक बऱ्याचदा याच दिवसांत जमते. नाटकाचं निमित्त करून मुलगी पाहायला आलेला पाहुणा ही इथली जुनी रीत आहे.

शंकरपट म्हणजे बैलजोड्यांची शर्यत. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१४ च्या निर्णयानं ती बंद झाली, डिसेंबर २०२१ मध्ये अटींसह परवानगी मिळाली आणि २०२३ मध्ये घटनापीठानं ती कायम केली. बंदीच्या काळात पटाबरोबर कित्येक गावांच्या जत्राही ओस पडल्या, कारण दिवसा पट आणि रात्री नाटक असं एकाला एक लागून होतं. बैलांना पराणी टोचण्यावर बंदी आहे. ती पाळली जाते का, ते आयोजकांवर अवलंबून. तसं काही दिसलं तर तिथून निघून या, बघायला दुसरा पट मिळेल.

पोळा, कानोबा, नारबोद यांचं काय?

हे पावसाळ्यातले. जन्माष्टमीला घरोघर मातीचे कानोबा बसतात. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे रोगराई, ढेकूण-मोंगसे यांना 'घेऊन जा गे नारबोद' अशी आरोळी ठोकत गावाबाहेर हाकलतात. पोरांना त्या आरोळीत कुणाकुणाची नावं घुसडायची पूर्ण मुभा असते.

भाषा कळेल का?

कळेल. झाडीबोलीत 'ण' आणि 'ळ' नाहीत, पाण्याला 'पानी' म्हणतात. डॉ. हरिश्चंद्र बोरकरांच्या पुढाकारानं झाडीबोलीची साहित्य संमेलनं १९९२ पासून भरतात, तेव्हा 'अशुद्ध मराठी' असं कुणाच्या तोंडावर म्हणू नका. गोंदियाकडे पोवारी आणि हिंदी, गडचिरोलीकडे गोंडी, छत्तीसगडी कानावर पडेल.

खायला काय मिळतं?

भात. सकाळी, संध्याकाळी, आणि पाहुणा असलात तर आग्रहानं तिसऱ्यांदा. घरात शिजला की शेजारपर्यंत वास जाईल असा चिन्नोर इथलाच, पण त्याचा उतारा कमी, म्हणून तो शेतकरी स्वतःपुरता लावतो. हॉटेलात मिळाला म्हणून कुणी सांगितलं तर आधी वास घ्या.

पावसाळा सुरू झाला की वास्ते येतात, म्हणजे बांबूचे कोवळे कोंब. चिरून, पाणी काढून भाजी करतात, थोडा आंबूस-कडवट वास राहतो. तो आवडला तर तुम्ही आमचे. मग सात्या, टेकोडे ही रानातली अळिंबी. ती मात्र ओळखणाऱ्याकडूनच घ्यावी. तरोट्याची कोवळी पानं, कुड्याची फुलं, उन्हाळ्यात चारं आणि टेंभरं. तळ्यातला मासा म्हणजे मरळ आणि झिंगे. मांसाहारी जेवणाला नागपूरकडची सावजी चव मागू नका, इथला रस्सा पातळ असतो आणि भातावर ओतायचा असतो. तिखट हवंच असेल तर सीमेवरची भिवापुरी मिरची आहे.

लाखोळीच्या डाळीचे वडे मंडईत नक्की खा. उभ्या धानातच, बांधीत ओल असताना, लाखोळी फेकून पेरतात आणि धान कापल्यावर ती वाढते. या डाळीच्या विक्रीवर बरीच वर्षं बंदी होती. दुष्काळात महिनोन्महिने नुसती तीच खाल्ली तर पाय लुळे पडतात, हे खरं आहे. एका दिवसाच्या वड्यांनी काही होत नाही.

मोहफुलं मार्च-एप्रिलमध्ये पडतात. भल्या पहाटे टोपली घेऊन अख्खं घर झाडाखाली असतं. मोहाची दारू सगळ्यांना माहीत असते, पण वाळवलेली फुलं तिळासोबत कुटून केलेले लाडू कमी लोकांनी खाल्लेले असतात. दारूचा विषय निघालाच आहे म्हणून: गडचिरोली जिल्ह्यात १९९३ पासून दारूबंदी आहे. गाडीत बाटली ठेवून जिल्ह्यात शिरू नका.

एचएमटी तांदूळ इथला, हे खरं का?

खरं. नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे अल्पभूधारक शेतकरी दादाजी खोब्रागडे यांना १९८३ च्या सुमारास पटेल-३ या वाणाच्या बांधीत तीन वेगळ्याच, पिवळसर लोंब्या दिसल्या. त्यांनी त्या बाजूला ठेवल्या, पुढच्या वर्षी वेगळ्या लावल्या आणि असं निवडत निवडत बारीक दाण्याचं, भरघोस उताऱ्याचं वाण तयार केलं. तेव्हा घड्याळ म्हणजे एचएमटी, म्हणून बाजारात तांदळालाही तेच नाव चिकटलं. १९९४ साली अकोल्याच्या कृषी विद्यापीठानं त्यांच्याकडून बियाणं नेलं आणि १९९८ मध्ये 'पीकेव्ही-एचएमटी' नावानं प्रसारित केलं. त्यावरून श्रेयाचा वाद झाला. २००५ साली त्यांना राष्ट्रीय नवप्रवर्तन प्रतिष्ठानचा पुरस्कार मिळाला. 'नांदेड ९२', 'डीआरके' ही वाणंही त्यांचीच. २०१८ साली ते गेले, बेताच्या परिस्थितीतच. पुण्यात एचएमटीच्या पिशवीवर तुम्हाला त्यांचं नाव सापडणार नाही.

वाघ दिसेल का?

नागझिऱ्यात दिसू शकतो. हमी कुणी देत असेल तर तो खोटं बोलतोय. नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प २०१३ साली झाला, पण नागझिरा अभयारण्य १९७० पासून आहे. पिटेझरी, चोरखमारा अशा दारांतून आत जाता येतं. ताडोब्याच्या मानानं इथे वाघ कमी आणि गाड्याही कमी. ज्यांना पक्षी, रानकुत्रे, गवे आणि ऐन-बिजा-मोहाचं मिश्र रान पाहायचंय त्यांना नागझिरा जास्त आवडतो. मलाही. इथला 'जय' नावाचा दांडगा वाघ २०१३ मध्ये चालत चालत उमरेड-पवनी-कऱ्हांडलाच्या जंगलात गेला, तिथे देशभर गाजला आणि एप्रिल २०१६ नंतर कुणालाच दिसला नाही.

पर्यटकाला वाघ जीपमधून दिसतो, गावकऱ्याला मोहाखाली वाकलेला असताना. ब्रह्मपुरी वनविभागात वाघ भरपूर आहेत आणि माणसंही मरतात, बहुतेक सरपण, मोह किंवा तेंदूपत्ता गोळा करताना. मे महिन्यातला तेंदूचा हंगाम म्हणजे कित्येक घरांचा वर्षाचा रोख पैसा. सत्तर पानांचा एक पुडा, असे शेकड्यांनी पुडे रोज बांधायचे. तेव्हा 'जंगलात जातातच कशाला' हे वाक्य इथे उच्चारू नये. तुम्ही स्वतः मात्र गाईडशिवाय रानवाटेनं भटकायला जाऊ नका, आणि पहाटे किंवा सांजवेळी तर नाहीच.

आणि सारस?

महाराष्ट्रात सारस आता जवळजवळ गोंदिया जिल्ह्यापुरते उरलेत, तेही मोजकेच. वैनगंगा आणि बाघ नदीच्या काठानं, पलीकडच्या बालाघाटात आणि अलीकडे परसवाडा, झिलमिली अशा तळ्यांच्या परिसरात ते दिसतात. घरटं धानाच्या बांधीत करतात, म्हणून शेतकऱ्यानं ते सांभाळलं तरच पिल्लू जगतं. लांबून पाहा, फोटोसाठी धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, पुढे सरकू नका.

देवळं, किल्ले, यात्रा यांत काय चुकवू नये?

चामोर्शी तालुक्यातलं मार्कंडा. वैनगंगा इथे उत्तरेकडे वळते आणि त्या वळणावर कोरीव मंदिरांचा समूह आहे. इंग्रज पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅमनं १८७३-७४ मध्ये तो पाहून तपशिलात नोंदला. 'विदर्भाचं खजुराहो' हे लेबल मला फारसं आवडत नाही, कारण माणसं मग फक्त शिल्पं मोजत बसतात. संध्याकाळी घाटाकडून देवळाच्या भिंतीवर ऊन येतं तेव्हा जा. मुख्य मंदिराच्या जीर्णोद्धाराचं काम वर्षानुवर्षं रेंगाळलंय, ते पाहून चिडचिड होईल. महाशिवरात्रीला मोठी यात्रा भरते. गर्दी नको असेल तर तो आठवडा टाळा.

सालेकसा तालुक्यातलं कचारगड हे गोंड समाजाचं तीर्थ आहे. लिंगो आणि जंगो यांनी इथल्या गुहेत कोंडलेल्या मुलांना सोडवलं, अशी कथा आहे. प्रचंड मोठी नैसर्गिक गुहा, आणि माघ पौर्णिमेला छत्तीसगड, मध्य प्रदेश, तेलंगणपासून आलेले लोक, ढोल, पिवळी निशाणं. पाहुणे म्हणून जा. पूजा चालू असताना कॅमेरा खाली. दरेकसा स्टेशन जवळ आहे आणि हाजरा धबधबाही त्याच बाजूला, पण धबधबा पावसाळ्यातच खरा.

गोठणगावजवळच्या प्रतापगडावर एकीकडे महादेवाची यात्रा आणि दुसरीकडे दर्ग्याचा उरूस, दोन्हीला तीच गावं येतात. त्याच गोठणगावला १९७२ पासून तिबेटी लोकांची वसाहत आहे, नोर्ग्येलिंग. धानाच्या बांध्यांमधून जाताना एकदम प्रार्थनेच्या पताका आणि बौद्ध विहार दिसतो. हिवाळ्यात घरं बरीचशी बंद असतात, कारण माणसं स्वेटर विकायला शहरांत गेलेली असतात. जवळच इटियाडोह धरण.

तुमसरकडचा आंबागड किल्ला, नागभीडजवळचा घोडाझरी तलाव आणि सातबहिणीचा डोंगर, गोंदियाजवळचं नागरा ही ठिकाणं वाटेत पडली तर पाहावीत. त्यांच्यासाठी वेगळा दिवस काढायची गरज नाही.

मेंढा-लेखा पाहायला जाता येतं का?

धानोरा तालुक्यातलं हे छोटं गोंड गाव 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' या घोषणेमुळे सगळीकडे पोचलं. वनहक्क कायद्याखाली २००९ साली सामूहिक वनहक्क मिळालेल्या देशातल्या पहिल्या गावांत ते आहे, आणि २०११ मध्ये बांबू स्वतः विकण्याचा अधिकारही त्यांनी मिळवला. जाता येतं, पण ते प्रेक्षणीय स्थळ नाही. आधी कळवून, ग्रामसभेची परवानगी घेऊन, ऐकायला जायचं असेल तर जा. निर्णय सर्वांच्या सहमतीनं होतात, त्यामुळे उत्तराला वेळ लागेल.

विकत काय आणावं?

मोहाडी तालुक्यातल्या आंधळगावचं कोशाचं कापड. ऐन आणि अर्जुनाच्या झाडांवर किडे पाळून ढीवर कुटुंबं कोष काढतात आणि विणकर त्याची करवती काठाची साडी विणतात. काठावरचे करवतीसारखे दाते तीन धोट्यांनी, हातानं विणलेले असतात, म्हणून किंमत ऐकून दचकू नका आणि फार घासाघीसही करू नका. बाकी तांदूळ घ्या, थेट गिरणीतून. भंडाऱ्याची पितळी भांडी एके काळी नावाजलेली होती. आता थोडेच कारागीर उरलेत.

नक्षलवादामुळे भीती आहे का?

भंडारा, ब्रह्मपुरी, वडसा, आरमोरी या पट्ट्यात प्रवासाला अडचण नाही, लोक रात्रभर नाटकं पाहून घरी जातात. गडचिरोलीच्या आतल्या, सीमेकडच्या तालुक्यांत जायचं असेल तर स्थानिक माणसाशी बोलून, दिवसाउजेडी जा. रस्त्यावरचा खरा धोका म्हणजे रात्री अचानक आडवं येणारं रानडुक्कर आणि दिवा नसलेली ट्रॉली.

कधी आणि कसं यावं?

नोव्हेंबर ते फेब्रुवारी. धान कापून झालेलं, पुंजणे रचलेले, हवा थंड, नाटकं जोरात. दुसरी पसंती जुलै-ऑगस्टची, रोवणीची: चिखलात ओळीनं वाकलेल्या बायका, त्यांची गाणी, हिरवे पऱ्हे. तेव्हा जंगल बंद असतं आणि वैनगंगा कधी रस्ते तोडते, एवढं धरून चाला. मे महिन्यात येऊ नका. ब्रह्मपुरीचं नाव देशातल्या सर्वांत तापलेल्या गावांच्या यादीत उगाच येत नाही.

नागपूरहून भंडारा साठ-पासष्ट किलोमीटर, साकोली शंभराच्या आसपास. रायपूरचा महामार्ग दोन्हींतून जातो. गोंदिया हे मुंबई-हावडा मार्गावरचं मोठं जंक्शन आहे, आणि गोंदिया-बल्लारशा ही गाडी अर्जुनी, वडसा, नागभीड, मूल अशी झाडीच्या मधोमध जाते. संथ आहे, पण खिडकीतून तळी मोजत जायला तिच्यासारखी गाडी नाही. नागपूर-नागभीड छोटी रेल्वे २०१९ मध्ये मोठ्या मार्गासाठी बंद झाली, तिच्या भरवशावर कुणी लिहिलेला जुना प्रवासबेत वापरू नका.

गावात एसटी येते, ठरावीक वेळेला. शेवटची गाडी किती वाजता आहे हे उतरल्या उतरल्या वाहकाला विचारून घ्या.